दोनशे चौदापैकी नऊ

आमच्या कार्यक्रमातला कोणता विनोद जगायचा आणि कोणता मरायचा, हे चौदा वर्षं माझी बायको ठरवत होती. हे तिला माहीत होतं, मला माहीत होतं आणि दिग्दर्शक गद्रेलाही माहीत होतं. पडद्यावर नाव मात्र माझ्या एकट्याचं यायचं. लेखन: परेश वालावलकर.

कार्यक्रमाचं नाव 'रांगेत या!'. दर शनिवारी चार स्किट्स. रोजच्या जगण्यातला मूर्खपणा जरा ताणून दाखवायचा, एवढाच आमचा धंदा. चटणी वाटून झाल्यावर 'आपला अनुभव कसा होता?' असं विचारणारा आणि पाच तारे दिल्याशिवाय झाकण न सोडणारा मिक्सर. सोसायटीची वार्षिक सभा, जिला एकही माणूस हजर नाही, सगळ्यांचे फोनच मालकांच्या वतीने भांडतायत आणि शेवटी एकमताने माणसांना लिफ्टची बंदी करतायत. साल २०४१ होतं. विषयांना तोटा नव्हता.

गुरुवारी संध्याकाळी वृषाली कचेरीतून आली, चहा झाला, की मी जेवणाच्या टेबलासमोर उभा राहायचो आणि चारही स्किट्स सगळ्या आवाजांत वाचून दाखवायचो. ती भाजी निवडत ऐकायची. ती जिथे हसली तिथे मी पेन्सिलीने बरोबरची खूण करायचो. शुक्रवारी संहिता हातात पडली की गद्रे वाचायच्या आधी खुणा मोजायचा. "वहिनी इथे हसल्या नाहीत? मग काढ ते." नटसुद्धा खुणेच्या वाक्यासाठी भांडायचे. चॅनेलने नेमलेले सल्लागार आले नि गेले, ही पद्धत मात्र टिकली.

मग त्या वर्षीच्या जानेवारीत ओवी जगताप आमच्या घरी आली. चॅनेलच्या प्रयोगशाळेतली इंजिनिअर, वय पंचवीस, खांद्यावर तिच्याहून मोठी पिशवी. पिशवीतून तिने वहीएवढी एक पांढरी पट्टी काढली आणि जेवणाच्या टेबलासमोरच्या भिंतीवर चिकटवली.

"सर, खोटं हसून दाखवा," ती म्हणाली.

मी हसलो. चौदा वर्षं विनोदी लेखन केलेल्या माणसाला तेवढं येतं.

"दिसलं का? हसायच्या आधी तुम्ही श्वास भरून घेतलात."

तिने सांगितलं ते असं. खोटं हसणं हे बोलण्यासारखंच असतं. मेंदूच्या ज्या भागातून शब्द निघतात, तिथूनच तो 'हाहाहा' निघतो, आणि बोलण्याआधी घेतो तसा माणूस त्याआधी नकळत श्वास घेतो. खरं हसू फार जुन्या वाटेने येतं. माणसाला भाषा आली त्याच्याही आधीची ती वाट आहे आणि तिच्यावर आपला ताबा नाही. श्वासपटलाला आचके बसतात, सेकंदाला पाचएक, छाती रिकामी होत जाते आणि श्वास घ्यायलाही सवड मिळत नाही. म्हणून तर माणूस पोट धरून बसतो. त्या पट्टीतून अगदी क्षीण रेडिओलहरी निघत होत्या, गाडी मागे घेताना भिंत किती लांब आहे ते कळायला वापरतात तशाच. त्या छातीवर आपटून परत आल्या की केसाएवढी हालचालसुद्धा टिपली जायची. जोडीला आवाज. दोन्ही जुळवून यंत्र सांगायचं, हसू खरं की सौजन्याचं.

"सौजन्याचं?" वृषालीने विचारलं.

"खोटं म्हटलं की लोक चिडतात, काकू," ओवी म्हणाली. "टेबलावर कोणीही बसलं तरी हे टिपतं हं. तुम्हा दोघांचीही संमती लागेल."

दोघांनीही अंगठा दिला. तीन महिन्यांची चाचणी होती, आधी लेखकांच्या घरी, मग सगळीकडे.

'सगळीकडे' फार लवकर आलं. एप्रिलपर्यंत नव्या टीव्हींच्या चौकटीतच हे यंत्र बसून येऊ लागलं. घर चाळीस सेकंदांत खरं हसलं नाही तर स्किटचा पुढचा भाग त्या घरापुरता बदलायचा. आमच्या मिक्सरचे सतरा शेवट झाले. कोणाकडे मिक्सर रुसायचा, कोणाकडे नवऱ्याला सोडून शेजाऱ्यांकडे राहायला जायचा. इथवर ठीक होतं. पण दर रविवारी टीव्ही 'घरचं हसू' नावाचा गोषवारा दाखवायला लागला आणि महाराष्ट्रातल्या जावयांचे हाल सुरू झाले. सासऱ्यांच्या किश्श्यांवर वर्षानुवर्षं मांडी थोपटून हसणारे जावई एका रविवारात उघडे पडले. पाहुणे आले की लोक टीव्हीवर चादर टाकू लागले. आम्ही लेखक या यंत्राला थर्मामीटर म्हणायचो, कारण घरोघर अचानक सगळ्यांनाच ताप असल्याचं कळत होतं.

माझा गोषवारा चाचणी संपता संपता आला. फोनवर, मी बसथांब्यावर उभा असताना.

'वाचनप्रसंगीचं हसू. व्यक्ती: वृषाली. एकूण २१४. सौजन्य २०५. खरं ९.'

मी ते नऊ कुठले ते उघडून पाहिलं. सहा तर मी वाचताना अडखळलो तेव्हाचे होते. एक माझा चष्मा निवडलेल्या मेथीत पडला तेव्हाचा. म्हणजे तीन महिन्यांत, बारा गुरुवारांत, माझ्या लिहिण्यावर माझी बायको दोनदा हसली होती.

बस आली आणि गेली. मी तिथेच उभा. आता कबूल करायला हरकत नाही, मला रडू येत होतं. टीकाकारांनी चौदा वर्षं आम्हाला झोडपलं, ते मी चहाबरोबर पिऊन टाकलं होतं, कारण माझ्या संहितेवर पेन्सिलीच्या खुणा होत्या. आता त्या खुणांवरच पाणी पडलं. आणि मग पुढचा विचार आला, तो जास्त वाईट होता. जी बाई हे खोटं हसते, ती आणखी काय काय खोटं करत असेल? 'छान झालंय', 'लवकर ये', 'मला नाही कंटाळा येत तुझा'. पंचवीस वर्षांच्या संसाराकडे मी त्या एका आकड्यातून बघायला लागलो.

घरी आल्यावर मी तिला काहीच विचारलं नाही. विचारणारा माणूस वेगळा असतो, मी रुसणारा आहे. पुढच्या गुरुवारी चहा झाल्यावर ती भाजीचं ताट घेऊन बसली तेव्हा मी म्हटलं, "आता यंत्र आहेच की. तुला कशाला उगीच त्रास?"

 ती "बरं" म्हणाली आणि गवार मोडायला लागली.

जून उजाडेपर्यंत आमच्या घरात 'दूध आणलं का' आणि 'गॅस बंद केला का' एवढंच बोलणं उरलं. मुलगी बंगळुरात शिकायला, त्यामुळे मधे बोलणारंही कोणी नाही. यंत्राच्या आकड्यांवरून लिहिलेली माझी स्किट्स मात्र धो धो चालत होती. त्याच सुमारास चॅनेलने विचारलं, हैदराबादच्या मुख्य केंद्रात मुख्य लेखक म्हणून येता का? दोन वर्षं, एकट्याने राहायचं, उत्तर सोमवारपर्यंत हवं.

"जा की," वृषाली म्हणाली.

"तुला काय वाटतं?"

"मला वाटून काय होणार? तुला जायचंय हे दिसतंय."

तिने थांबवलं असतं तर मी थांबलो असतो. तिने थांबवलं नाही, हे मी त्या दोनशे पाच खोट्यांच्या पुढे दोनशे सहावं म्हणून मनात लिहून ठेवलं आणि सोमवारी होकार द्यायचं नक्की केलं.

शुक्रवारी दुपारी ओवी भिंतीवरची पट्टी काढायला आली. वृषाली कचेरीत होती. ओवीने पट्टी लगेच काढली नाही. स्टुलावर चढून तिने ती फडक्याने पुसली, टेबलाच्या माझ्या बाजूला हात हलवून पाहिला, मग वृषालीच्या बाजूला हलवून पाहिला.

"काय झालं?"

"सर, तुमच्या बाजूचा सेन्सर बिघडलाय असं वाटलं होतं. पण बिघडलेला दिसत नाही." तिने टॅब माझ्यापुढे धरला. "तुम्ही दुसरं पान बघितलंत का?"

दुसरं पान असतं हेच मला माहीत नव्हतं. मी पहिल्यावरच कोसळलो होतो.

दुसऱ्या पानावर कोण कोणाच्या बोलण्यावर हसलं याचा तक्ता होता. परेश, गद्रे यांच्या फोनवर: खरं ४६. परेश, स्वतःच्या वाक्यांवर: खरं ३१. परेश, वृषाली यांच्या बोलण्यावर: खरं ०, सौजन्य ०.

"शून्य येऊच शकत नाही," ओवी म्हणाली. "म्हणजे, एका घरात राहणारी माणसं थोडं तरी हसतातच ना. अगदी भांडणारी जोडपीसुद्धा सौजन्याचं चार-पाच हसतात. म्हणून मला वाटलं सेन्सरच गेला." तिने खालचा तक्ता दाखवला. "आणि हे बघा. काकू बोलायला लागल्या की तुम्ही सरासरी दोन मिनिटं दहा सेकंदांनी उठून जाता. जवळजवळ दर वेळी. तुम्हाला पाठीचा त्रास आहे का?"

मला पाठीचा त्रास नव्हता. मी का उठतो हे मला त्या क्षणी कळलं. विनोद लिहिणाऱ्या माणसाला गमतीची गोष्ट ऐकू आली की तो हसत नाही. तो गंभीर होतो. पळून जायच्या आत ती कागदावर घ्यायची म्हणून धावतो. आमच्या धंद्यात सगळे असेच असतात. लेखकांच्या बैठकीत कोणी भन्नाट काही बोललं की कोणीच हसत नाही, सगळे मान खाली घालून लिहितात. वृषाली तेव्हा विवाह नोंदणीच्या खिडकीवर बसायची. तिथे रोज जे घडायचं ते ती घरी येऊन सांगायची, आणि मी दोन मिनिटांत कामाचं तेवढं उचलून आतल्या खोलीत जायचो. मी ज्याला माझी निरीक्षणशक्ती म्हणत होतो, ती संध्याकाळी साडेपाचला कचेरीतून घरी यायची.

"सेन्सर ठीक आहे," मी ओवीला म्हटलं.

 ती बिचारी पट्टी पिशवीत टाकून, चहा न घेता गेली.

वृषाली आली तेव्हा मी स्वयंपाकघराच्या दारात उभा होतो. तिने पर्स ठेवली, पाणी प्यायली.

"पट्टी गेली वाटतं."

"वृषाली, तू दोनशे चौदापैकी नऊ वेळा हसलीस."

"मला माहितीये."

"माहितीये?"

"ओवीने मला पण पाठवलं होतं ते. दोन्ही पानं." ती खुर्चीवर बसली. "म्हटलं, तू विचारशील. मग म्हटलं, दुसरं पान वाचल्यावर विचारशील. तू गुरुवारचं वाचायचंच बंद केलंस."

"चौदा वर्षं खोटं हसलीस?"

"पहिलं वर्ष आठव. कार्यक्रम बंद करणार म्हणत होते. तू जेवत नव्हतास. मी हसले की दोन पोळ्या जास्त खायचास. मग सवय लागली." तिने ओढणीने कपाळ पुसलं. "हसू खोटं होतं, परेश. तू जेवावंस असं वाटत होतं ते खरं होतं. ते तुमच्या यंत्रात कुठल्या रकान्यात जातं, मला ठाऊक नाही."

मी दारातून टेबलापाशी आलो.

"आणि हसणार कशी? सगळं माझंच तर असतं. मार्चमधलं ते मुंडावळ्यांचं स्किट. ते माझ्याच खिडकीवर आले होते ना?"

त्या स्किटला खूप हशा मिळाला होता. अडुसष्ट वर्षांचे एक गृहस्थ आणि त्यांची बायको, मुलाकडे परदेशी जायचंय म्हणून चव्वेचाळीस वर्षांनी लग्नाची नोंदणी करायला येतात. फोटो तपासणारं यंत्र त्यांचा लग्नातला फोटो नाकारतं, कारण नवऱ्याचं तोंड फुलांच्या मुंडावळ्यांआड आणि नवरीची मान खाली. नियम असा की फोटो लग्नसमयीचाच हवा, म्हणून कचेरीच्या व्हरांड्यात पुन्हा लग्न लावायची वेळ येते. माझ्या स्किटमध्ये यंत्र फोटो नाकारत राहतं आणि अखेर मान्य करतं तेव्हा आजोबांचं लग्न चुकून शिपायाशी लागलेलं असतं.

"शिपाई वगैरे काही नव्हतं," वृषाली म्हणाली. "मी सांगत होते तुला. अंतरपाट म्हणून माझी ओढणी धरली इथपर्यंत आले, आणि तू उठलास."

"पुढे काय झालं?"

हे तीन शब्द मी तिला शेवटचे कधी विचारले होते, मला आठवेना. तिलाही ते नवं होतं. तिने आधी माझ्या हातांकडे पाहिलं. मी खुर्ची ओढून बसलो.

"पुढे... रांगेतल्याच एका मुलीने मंगलाष्टक म्हटलं, मोबाइलवर बघून. एका बाईने डब्यातल्या भाताची शितं अक्षता म्हणून टाकली. सगळे हसतायत. ओढणी बाजूला केली, आणि त्या बाई बघतच राहिल्या त्यांच्याकडे. फोटोवाला म्हणतोय, 'आजी, इकडे बघा.' त्या बघेनात. मग मला म्हणाल्या, 'बघायला आले तेव्हा मान खाली, लग्नात मान खाली. हे कसे दिसतात ते मला मांडवपरतणीला कळलं. अंतरपाट सरला त्या क्षणाला कसे दिसले असते, ते आज बघितलं.' मी विचारलं, 'मग? कसे आहेत?' तर म्हणाल्या, 'बरे आहेत की! तेव्हाच बघितलं असतं, तर दोन-चार वर्षं कमी भांडले असते.'"

वृषाली सांगता सांगता हसायला लागली. श्वास न घेता, खांदे हलवत, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. मी मात्र हसलो नाही. माझी मला लाज वाटत होती. असल्या बाईच्या जागी मी शिपाई बसवला होता आणि वर त्याचा हशा मोजला होता. मी टेबलावर डोकं टेकलं. तिने माझ्या केसांतून हात फिरवला आणि म्हणाली, "हे लिहू नकोस हं. त्या बाईंना आवडणार नाही." मी नाही लिहिलं. आत्ता लिहितोय तेही वृषाली निवृत्त झाली म्हणून, त्या बाईंना फोन करून विचारलं म्हणून, आणि वृषालीने आधी वाचून दोन ठिकाणी मला खोडलं म्हणून.

सोमवारी मी हैदराबादला नाही म्हणून कळवलं. गद्रेचा फोन आला.

"वेड लागलंय का तुला? तिथे कोट्यवधी घरांचं हसू हाताशी असणार होतं!"

"एका घराचं राहिलंय माझं," मी म्हटलं. हे वाक्य जरा नाटकी झालं, पण गद्रे दिग्दर्शक असल्यामुळे त्याला ते आवडलं आणि त्याने फोन ठेवला.

गुरुवार आला. चहा झाला. वृषालीने फरसबीचं ताट पुढ्यात घेतलं आणि नेहमीच्या सवयीने मान वर करून वाट बघू लागली.

"आज मी नाही वाचत," मी म्हटलं आणि ताट माझ्याकडे ओढून शिरा काढायला घेतल्या. "तू सांग."

"काय सांगू?"

"काहीही. आज काय झालं कचेरीत?"

"आज काहीच नाही झालं रे. उगीच काय." पण मग तिने सुरुवात केली. तिच्या शेजारच्या खिडकीवरच्या लोखंडेबाईंनी डब्यात आणलेल्या भरल्या वांग्यांची गोष्ट. ती गोष्ट, खरं सांगतो, भिकार होती. वांगी कुठल्या मंडईतून आणली इथून ती निघाली, लोखंडेबाईंच्या जावेकडे वळली, तिथून जावेच्या गुडघ्याच्या शस्त्रक्रियेत शिरली आणि तिथेच घुटमळायला लागली. स्किटच्या कामाचं त्यात कणभर काही नव्हतं. माझे पाय सवयीने उठायला बघत होते. मी ते खुर्चीच्या दांडीमागे अडकवून ठेवले. एका जागी ती थांबली आणि तिने माझ्याकडे बघितलं. इथे काहीतरी गमतीचं झालं असावं. मी हसलो.



"खोटं हसलास."

"कळलं?"

"चौदा वर्षं काय केलं मी? हसायच्या आधी श्वास घेतलास."

"चुकलं. परत हसू का?"

"नको. जमेल हळूहळू." तिने माझ्या ताटातली एक फरसबी उचलली, राहिलेली शीर काढून ती परत टाकली आणि खुर्ची थोडी पुढे घेतली. "पण ऐक. खरी गंमत पुढेच आहे."